फुगाकाकूचं काम करणारी बाई

ताई पहिल्यांदा माझ्या आरशासमोर येऊन बसल्या त्या एका दिवसाच्या कामासाठी. त्यांचं वय तेव्हा छत्तीस, माझं चोवीस. स्टुडिओत मेकअपच्या कामाला लागून मला जेमतेम तीन महिने झाले होते आणि अनोळखी चेहऱ्याला ब्रश लावण्याआधी मी तो दोन-तीनदा पुसत बसायचे. त्यांना ते दिसलं.

"घाबरू नकोस गं," त्या म्हणाल्या, "या तोंडाचं तू आणखी काय बिघडवणार?"

टीव्हीच्या विनोदी मालिकेतलं त्यांचं काम कागदावर दीड ओळीचं होतं. शेजारची जाडी बाई तक्रार करायला येते, खुर्चीत बसते, खुर्ची मोडते. बस्स. त्याआधी पंधरा वर्षं त्या नाटकांतून असलीच कामं करत होत्या. मोलकरीण, नवरीची आत्या, दवाखान्यातली आया. नाटक संपलं की पुढच्या रांगेतले लोक नायिकेला भेटायला आत यायचे आणि ताईंना विचारायचे, "बाई, त्या कुठल्या खोलीत आहेत हो?"

त्या दिवशी सुताराने खुर्चीचा पाय आधीच अर्धा कापून ठेवला होता, बसल्याबरोबर मोडावा म्हणून. समोर दीडशे प्रेक्षक बसलेले. ताई आल्या, दोन वाक्यं भांडल्या आणि धपकन खुर्चीत बसल्या. खुर्ची हललीसुद्धा नाही. सगळे एकमेकांच्या तोंडाकडे बघायला लागले. मालिकेचा नायक तर पुढचं वाक्यच विसरला. ताई क्षणभर तशाच बसून राहिल्या. मग अगदी सावकाश उठल्या, मागे वळल्या, खुर्चीची पाठ थोपटली आणि म्हणाल्या, "गुणाची गं माझी!" आणि स्वतः जमिनीवर मांडी घालून बसल्या.

हशा थांबेना. कॅमेरावाला इतका हसला की चित्र हललं, तरी दिग्दर्शकाने तेच ठेवलं. पुढच्या आठवड्यात ताईंना पुन्हा बोलावणं आलं, त्याच्या पुढच्या आठवड्यातही आलं, आणि महिन्याभरात शेजारच्या बाईला नाव मिळालं: फुगाकाकू.

मला एक गोष्ट कधीच कळली नाही. लोक हसले होते ते खुर्ची मोडली नाही म्हणून. लेखकांनी त्यातून धडा घेतला तो मात्र नेमका उलटा. पुढे बावीस वर्षं ताईंच्या अंगाखाली काही ना काही मोडतच राहिलं. पलंग, झोपाळा, बागेतलं बाक, एकदा तर अख्खा जिना. मालिका बंद व्हायची, नाव बदलून पुन्हा सुरू व्हायची, नायक-नायिका बदलायचे, पण फुगाकाकू तीच. ताई एकदा म्हणाल्या, "नव्याचे नऊ दिवस म्हणतात. माझे किती झाले गं?"

लोकांना वाटतं विनोदी काम म्हणजे मजा. सेटवर खरं काम एकच, वाट बघणं. मोठ्या नटांचे प्रसंग आधी उरकायचे, मग उरलेल्या वेळात ताईंचं पडणं. सकाळी सातला चेहरा रंगवून तयार झालेली बाई दुपारी चारला पडायची. तोपर्यंत त्या मेकअपच्या खोलीत पाय एका स्टुलावर ठेवून बसायच्या. पाय सुजलेले असायचे. मांडीवर पत्रांचा गठ्ठा असायचा.

ती पत्रं भावजी आणायचे, म्हणजे ताईंचे यजमान. ते टपाल कचेरीत पत्रं वेगळी करायच्या कामाला होते. लहान मुलं पाकिटावर नुसतं "फुगाकाकू, टीव्ही" असं लिहून टाकायची. असली पत्रं कुठेच जाऊ शकत नसत, पण भावजींच्या टेबलावर आली की थेट घरी पोचायची. प्रत्येकाला उत्तर जायचं. ताई सांगायच्या आणि भावजी त्यांच्या मोत्यांसारख्या अक्षरात लिहायचे. किल्ल्या बनवणाऱ्याच्या दुकानावर तिसऱ्या मजल्यावर त्यांच्या दोन खोल्या होत्या. मी गेले की भावजी दारातच म्हणायचे, "या, या. बाहेरची फुगाकाकू वेगळी, घरातली वेगळी. घरातली चिडते."

"चिडू नको तर काय करू?" ताई आतून ओरडायच्या. "दिवसभर जग मला हसतं आणि घरी आल्यावर हे!"

त्यांना एकच लेक. ती बारा वर्षांची असताना एक गोष्ट घडली. शाळेत पालकांची सभा होती आणि ताईंना त्या दिवशी अचानक सुट्टी मिळाली. त्या हौसेने गेल्या. वर्गशिक्षिका त्यांना बघून म्हणाली, "अय्या, फुगाकाकू, तुम्ही इथे कशा! मुलीने सांगितलं होतं की तुम्ही त्यांच्या शेजारी राहता."

ताईंनी मला हे दुसऱ्या दिवशी सांगितलं, डोळे मिटून, मी पापण्यांवर रंग लावत असताना.

"मग तुम्ही काय म्हणालात?"

"म्हटलं, हो, शेजारीच राहते. आई कामात आहे म्हणून मी आले." त्यांनी तोंड दुसऱ्या बाजूला वळवून दिलं. "वर्गातल्या पोरांना मात्र ठाऊक आहे. तिला दारात अडवतात म्हणे. 'तुझी आई या दारातून जाईल का?' असं विचारतात. मीच तर शिकवलंय ना त्यांना ते. मागच्याच महिन्यात मी दारात अडकले होते."

त्या दिवशी कागदावर त्यांना न्हाणीघरातल्या टबात अडकायचं होतं. त्या अडकल्या. पाच टेक झाले. पाचव्यांदा त्यांनी टबाच्या काठावर हनुवटी टेकवून असा काही सुस्कारा सोडला की दिवे धरणारी माणसंही पोट धरून हसली. मला मात्र हसू आलं नाही, कारण तो सुस्कारा मी सकाळी ऐकला होता.

एक्कावन्नाव्या वर्षी त्यांना साखरेचं दुखणं निघालं. डॉक्टरीणबाईंनी स्पष्ट सांगितलं, वजन उतरवा, नाहीतर आधी डोळे जातील, मग पाय. ताई दुखणं अंगावर काढणाऱ्यातल्या, पण या वेळी भावजी हटून बसले. उजाडायच्या आत ते ताईंना उठवायचे आणि दोघं नदीकाठच्या रस्त्याने चालायला जायचे. भावजी दोन पावलं पुढे, ताई मागे, कुरकुरत. दीड वर्षात त्यांचं वजन बावीस किलोंनी उतरलं. आयुष्यात पहिल्यांदा मला त्यांच्या गालांखाली हाड लागलं. जिना चढून वर आल्या तरी श्वास लागत नव्हता. मी म्हटलं, "ताई, तुम्ही तर दहा वर्षांनी लहान झालात."

निर्मात्याने त्यांना कचेरीत बोलावून घेतलं. ताईंनी मला सोबत नेलं. तो माणूस वाईट नव्हता, बोलायला गोड होता.

"अहो, हे काय करून बसलात?" तो म्हणाला. "फुगाकाकूचा फुगा कुठे गेला?"

"दुखणं होतं. डॉक्टर म्हणाल्या..."

"डॉक्टर काय, उंटावरून शेळ्या हाकतात! लोकांना काय सांगू मी? तुम्ही बारीक झालात तर हसायचं कोणाला?"

ताईंनी जरा धीर करून म्हटलं, "कोणाला कशाला? मी काहीतरी हसण्यासारखं बोलेन की. लिहून बघा ना एकदा."

तो हसला. त्याला ते बोलणंच विनोदी वाटलं.

तोडगा निघाला तो असा. ड्रेसवालीने कापूस आणि स्पंज भरून एक अंगी शिवली. पोट, कंबर, दंड, सगळं त्यात होतं. पाठीवर नाड्या होत्या. बांधायला दोन माणसं आणि दहा मिनिटं लागायची, सोडायला तेवढीच. वर फुलाफुलांचा ढगळ झगा. आरशात पाहिलं तर जुन्या ताई जशाच्या तशा उभ्या. ताईंनी त्या अंगीचं नाव पहिल्याच दिवशी ठेवलं, सवत.

"आली का माझी सवत?" त्या सकाळी विचारायच्या. "आण बाई, घाल गळ्यात. माझ्यापेक्षा तिलाच जास्त मागणी आहे."

हसायला बरं होतं, पण दिव्यांच्या उजेडात सवतीच्या आत भट्टी व्हायची. दुपारपर्यंत कापूस घामाने ओला होऊन जड व्हायचा. मानेला, काखेत पुरळ उठायचं. दर अर्ध्या तासाने मी झग्याच्या गळ्यातून हात घालून टॉवेलने पाठ पुसायचे. दोनदा त्यांना चक्कर आली. एकदा प्रेक्षकांसमोरच, आणि प्रेक्षकांनी टाळ्या वाजवल्या. अशी पाच वर्षं गेली. ताई थकल्या होत्या. हे कोणी सांगायची गरज नव्हती. पूर्वी मी काम करताना त्या तोंडाचा पट्टा सोडायच्या, आता खुर्चीत बसल्या की डोळे मिटायच्या आणि मी "झालं" म्हणेपर्यंत उघडायच्या नाहीत.

आता जे सांगायचं आहे ते मला सोपं नाही.

ताई अठ्ठावन्न वर्षांच्या होत्या. भावजी निवृत्त झाले होते, लेक दुसऱ्या गावी रक्त तपासायच्या लॅबमध्ये नोकरीला होती. त्या दिवशी मोठा प्रसंग होता. फुगाकाकूच्या घरी पाहुणे येतात आणि घरात एकही धड खुर्ची नाही, असा. जवळजवळ सगळा भाग ताईंचाच होता. बावीस वर्षांत असं काम त्यांना पहिल्यांदा मिळालं होतं. सेटवर फोन आणायला बंदी होती, सगळ्यांचे फोन कचेरीत जमा.

साडेअकराच्या सुमाराला मॅनेजर माझ्याजवळ आला आणि मला दाराबाहेर घेऊन गेला. "ताईंच्या शेजाऱ्यांचा फोन होता. त्यांच्या मिस्टरांना अर्धांगवायूचा झटका आलाय. दवाखान्यात नेलंय." मी आत पळाले तसा त्याने माझा दंड धरला. "अगं, थांब. प्रेक्षक बसलेत, सगळा सेट लागलाय. ते काही एकटे नाहीत, डॉक्टर आहेत तिथे. एवढा प्रसंग होऊ दे, मग मीच सांगतो. तू काही बोलायचं नाहीस. तोंड उघडलंस तर उद्यापासून येऊ नकोस."

आणि मी तोंड उघडलं नाही.

दोन तास. त्या दोन तासांत मी किमान आठ वेळा त्यांच्यापाशी गेले, कपाळावरचा घाम टिपला, पावडर लावली. एकदा त्या माझ्याकडे बघून म्हणाल्या, "तुझे हात गार पडलेत. जेवली नाहीस वाटतं." मी म्हटलं, "जेवते." त्या परत सेटवर गेल्या आणि पाहुण्यांना बसवायला स्वतःच खुर्ची झाल्या, दोन्ही हात पुढे करून, पाठ ताठ करून. लोक हसून हसून रडले. खरोखर रडले. मी पाहिलं.

दीड वाजता मॅनेजरने सांगितलं. ताईंनी एकच विचारलं, "कुठला दवाखाना?" आणि निघाल्या. मी मागोमाग. गाडीत बसताना म्हटलं, "ताई, आधी हे सोडू या." त्या म्हणाल्या, "राहू दे. दहा मिनिटं जातील."

दवाखान्याच्या दारातून आम्ही आत शिरलो आणि बाकावरच्या दोन बायका एकमेकींना कोपरखळ्या मारायला लागल्या. "अगं, ती बघ! फुगाकाकू!" एक म्हातारे गृहस्थ उठून, हात जोडून हसत म्हणाले, "काकू, बाकाला जरा जपून हं!" आणि सगळी रांग हसली. त्यात दुष्टपणा नव्हता. दुखण्याखुपण्याच्या जागी त्यांना ताई दिसल्या, बरं वाटलं. खिडकीतला तरुण कारकूनही हसू दाबत म्हणाला, "काकू, इथे शूटिंग आहे का?"

"नाही रे बाळा," ताई म्हणाल्या, "नवरा आहे माझा इथे." आणि त्यांनी भावजींचं नाव सांगितलं.

त्या पोराचं हसू चेहऱ्यावर तसंच राहिलं. त्याला ते कुठे ठेवावं कळेना.

वरच्या मजल्यावरच्या न्हाणीघरात मी माझ्या पेटीतल्या कात्रीने नाड्या कापल्या. सवत ओलीचिंब, जड, खाली पडली. ताई तिच्याकडे न बघता बाहेर पडल्या. तासाभराने दवाखान्यातली आया ती दोन्ही हातांत धरून दारोदार विचारत होती, "ही गादी कोणाची हो?"

भावजी वाचले, पण उजवं अंग गेलं आणि बोलणं गेलं. डॉक्टर म्हणाले, आणखी तासभर लवकर आणलं असतं तर बरं झालं असतं. शेजाऱ्यांनी त्यांना उशिरा पाहिलं होतं. म्हणजे ताई वेळेवर निघाल्या असत्या तरी त्यात काही फरक पडला नसता. मी हे मनाला हजार वेळा समजावलं. पण पहिले दोन तास त्यांना शुद्ध होती आणि ते दाराकडे बघत होते, हे मला तिथल्या परिचारिकेने सांगितलं. ताईंनाही सांगितलं असणार.

आठव्या दिवशी चहाचा थर्मास घेऊन मी दवाखान्यात गेले आणि व्हरांड्यात ताईंना सगळं सांगून टाकलं. मला कधी कळलं, कोणी गप्प केलं, सगळं. त्या भिंतीला टेकून ऐकत होत्या.

"तुझी नोकरी गेली असती," त्या म्हणाल्या.

"हो."

"गेली असती तर गेली असती."

मी मान खाली घातली. त्या पुढे बोलल्या, पण माझ्याशी बोलल्यासारखं नाही. "आयुष्यात तेवढंच एक काम चांगलं झालं माझ्या हातून. सगळे म्हणतात. काल टीव्हीवर बघून समोरच्या खोलीतल्या बाईनेही सांगितलं, काय काम केलंत हो. ते दोन तास मी परत मागू कोणाकडे, आणि ते काम कुठे नेऊन टाकू, सांग."

त्यांनी थर्मास ठेवून घेतला आणि आत गेल्या.

पंधरा दिवसांनी त्या कचेरीत गेल्या आणि सांगितलं, यापुढे अंगी घालणार नाही. निर्माता म्हणाला, मग फुगाकाकू कोण करणार? ताई म्हणाल्या, "बघा कोणीतरी. जगात जाड्या बायकांचा तुटवडा नाही." त्याने एकोणतीस वर्षांची एक मुलगी आणली. गोड, भाबडी, हसरी. फुगाकाकूची पुतणी म्हणून ती यायची होती. ताईंनी एक दिवस तिच्यासाठी दिला, आपणहून. रिकाम्या सेटवर सतरंजी अंथरून तिला पडायला शिकवलं.

"हाडावर पडायचं नाही, मांसावर पडायचं. देवाने दिलंय ना, मग वापर. आणि आधी श्वास सोड. श्वास धरून पडलीस की कंबर गेली म्हणून समज."

पोरगी पडली. पुन्हा पडली. तिला जमायला लागलं.

"आणि दिवसातून तीनदाच. चौथ्यांदा पड म्हणाले तर कंबर धरून खाली बस आणि रड. त्यांना रडणं परवडत नाही."

पोरगी खदखदून हसली. ताई हसल्या नाहीत.

"आणखी एक. घरून फोन आला तर तो थेट तुझ्याकडे आला पाहिजे. हे करारात लिहून घे. तोंडी नको, कागदावर."

मी भिंतीशी उभी होते. ताईंनी माझ्याकडे पाहिलं नाही. पाहिलं असतं तर बरं झालं असतं.

त्यानंतर चार वर्षं मला त्यांच्याकडून निरोप नाही की फोन नाही. कानावर यायचं ते एवढंच की भावजींचं सगळं त्याच करतात, उठवणं, भरवणं, कूस बदलणं. लेकीने बदली मागून घेतली आणि ती परत आली. एकेकाळी जिने आईला शेजारीण केलं होतं, ती आता भावजींना आधार देऊन जिन्यावरून उतरवताना कोणी वाट अडवलीच तर मोठ्याने म्हणायची, "बाजूला व्हा, माझी आई येतेय मागून." हे मला खालच्या किल्लीवाल्याने सांगितलं. मी स्टुडिओत जाता-येता वाट वाकडी करून त्याच्याकडे थांबायचे. दर वेळी नवी किल्ली करून घ्यायचे. घरात एकाच कुलपाच्या सात किल्ल्या झाल्या.

भावजी गेल्याचं त्यानेच सांगितलं. मी वर गेले. दार लेकीने उघडलं. ताई खिडकीशी बसल्या होत्या, इतक्या बारीक की मला ओळख पटायला वेळ लागला. मी काही बोलणार तोच त्या म्हणाल्या, "ये, बस. बोलू नकोस काही." मी बसले. आम्ही दोघी संध्याकाळपर्यंत बसून राहिलो.

या गोष्टीलाही आता नऊ वर्षं झाली. ताई एकाहत्तर वर्षांच्या आहेत. मीही काम सोडलं, माझेच हात आता दुखतात. दर गुरुवारी दुपारी मी त्यांच्याकडे जाते. त्या दिवसाबद्दल आम्ही पुन्हा कधी बोललो नाही आणि त्यांनी मला माफ केलं की नाही, हे मी विचारलेलं नाही. कोणी टीव्हीवाले मुलाखतीला आले तर लेक त्यांना दारातूनच परत पाठवते. ताईंना मुलाखत द्यायची नसते असं नाही, त्यांना तेवढा वेळ बसवत नाही. बोलता बोलता त्यांना झोप लागते.

गेल्या गुरुवारीही तसंच झालं. शेजारच्या नव्या बिऱ्हाडाबद्दल काहीतरी सांगत होत्या. त्यांच्या घरातली नवराबायको एकमेकांशी कुत्र्यामार्फत भांडतात म्हणे. "तो कुत्र्याला सांगतो, 'हिला म्हणावं...'" एवढं म्हणाल्या आणि मान खुर्चीच्या पाठीला लागली. पुढचं राहिलं. मी त्यांच्या पायांवर शाल टाकली, खिडकीचा पडदा ओढला.

साडेपाचला लेक कामावरून आली. दारातच तिने खुणेनं विचारलं, झोपली?

"दोन तास झाले," मी हळूच म्हटलं. "उठवू का? नाहीतर मग रात्री जाग राहील."

"नको," ती चपला काढत म्हणाली. "झोपू दे तिला. किती दिवसांची झोप राहिलीय कोणास ठाऊक."

आम्ही दोघी आत गेलो, दार ओढून घेतलं आणि तिने आवाज न करता चहाचं भांडं शेगडीवर ठेवलं.